दंतोपकरणांचा निर्यात-व्यापार आणि आपली लोहारकी
(ज्ञातिसंस्थेच्या वार्षिक संमेलनात दिलेले व्याख्यान)



या व्यासपीठावरून आजवर अनेक विद्वानांनी शिक्षण व समाजसुधारणा या विषयांवर आपणांस मार्गदर्शन केले आहे. यंदा चिटणीसांनी हा मान मजसारख्या एका व्यापाऱ्यास दिला. दंतवैद्यांना लागणारी हत्यारे विकणे हा माझा तीस वर्षांचा धंदा. तेव्हा माझ्याकडून वक्तृत्वाची अपेक्षा कोणी करू नये. जो माल रोज माझ्या हातांखालून जातो, तो कोठे घडतो, कोण घडवितो, कोणाच्या नावावर विकला जातो आणि त्यात आपण लोहारांनी शिकण्याजोगे काय आहे, एवढेच यथामति सांगणार आहे.

प्रारंभी आपल्या गावगाड्याची एक गोष्ट स्मरावी. आपले आजे-पणजे फाळ, विळा, कुऱ्हाड घडवीत आणि सुगीला खळ्यावर जाऊन बलुते घेत. त्या विळ्यावर कधी कोणी आपले नाव कोरले नाही. त्याची गरजच नव्हती. विळा दुमडला तर कुणबी दुसऱ्या दिवशी सकाळी त्याच भात्यापाशी येऊन उभा राही. घडविणारा आणि वापरणारा एकमेकांस तोंडाने ओळखत होते, आणि ती ओळख हीच मालाची हमी होती. परंतु माल समुद्रापार जाऊ लागला म्हणजे हे तोंड दिसेनासे होते. तेथे त्या तोंडाची जागा ठसा घेतो. आजचे माझे सारे सांगणे या एका ठशाभोवती आहे.

आता हत्यारांकडे वळू. दात काढण्याची पकड आपण पाहिली असेलच. आपल्या सांडशीची ती धाकटी बहीणच होय. पूर्वी युरोपात दात काढण्यासाठी किल्लीसारखे एक पीळ देणारे हत्यार वापरीत. त्याने दाताबरोबर कधी जबड्याचे हाडही मोडे. १८४० च्या सुमारास लंडनमध्ये जॉन टोम्स या दंतवैद्याने एव्रार नावाच्या हत्यारकाराकडून, दाताच्या मानेस नेमकी बसेल अशा तोंडाची पकड करवून घेतली. वरच्या दाढेची वेगळी, खालच्या दाढेची वेगळी, पुढच्या दातांची वेगळी, हा आजचा प्रघात तेथून रुळला. तसेच हिरड्यांखालील कीटण खरवडण्याच्या ज्या बारीक आकड्या आज जगभर ग्रेसी या नावाने ओळखल्या जातात, त्या १९३० नंतरच्या दशकात डॉक्टर क्लेटन ग्रेसी यांनी शिकागोच्या ह्यूगो फ्रीडमन या हत्यारकाराच्या साह्याने सिद्ध केल्या. उत्तम हत्यार हे नेहमी असे वैद्य आणि लोहार या दोघांचे मिळून अपत्य असते.

या हत्यारांचे पोलाद साधे नव्हे. त्यात शेकडा १२ ते १४ भाग क्रोमियम असते, म्हणून ते गंजास दाद देत नाही. डायमध्ये ठोकून आकार द्यावयाचा, कानशीने सांधा जुळवावयाचा, सुमारे १,००० अंश सेंटिग्रेडपर्यंत तापवून पाणी द्यावयाचे, नंतर पुन्हा बेताने तापवून त्याचा ठिसूळपणा काढावयाचा, मग घासून चकाकी आणावयाची, आणि शेवटी आम्लात बुडवून पृष्ठभागावरचे मोकळे लोहकण धुऊन काढावयाचे. यांतील एकही पायरी चुकली तरी दोष लगेच दिसत नाही. दवाखान्यात १३४ अंशांच्या वाफेत ते हत्यार पुनःपुन्हा निर्जंतुक होऊ लागले म्हणजे तो उघडा पडतो.

याचा अनुभव मी स्वतः घेतला आहे. धंद्याच्या आरंभीच्या वर्षांत मी एका पुरवठादाराकडून पकडींची एक पेटी घेतली. त्यांवर एका नामांकित देशाचा ठसा होता. तो पाहून मी माल तपासलाच नाही. तीन महिन्यांनी एक वृद्ध दंतवैद्य ती पेटी घेऊन दुकानी आले. प्रत्येक पकडीच्या सांध्यात तांबूस गंज धरला होता. ते रागावले नाहीत. एवढेच म्हणाले, "हे मी माणसाच्या तोंडात घालतो." पैसे परत केले, पण ते वाक्य आजही माझ्या कानांत आहे. लोहाराच्या घरी जन्मून मी पोलाद न पाहता ठसा पाहिला होता. दोष पुरवठादाराचा असेल. त्याहून अधिक तो माझा होता.

आता या उद्योगातील अग्रगण्य कारखानदार कोण ते पाहू. जर्मनीतील कोलोन शहरी दर दोन वर्षांनी दंतव्यवसायाचे जागतिक प्रदर्शन भरते. १९२३ साली सुरू झालेल्या या प्रदर्शनात २०२५ साली ६० हून अधिक देशांतील सुमारे २,००० प्रदर्शक आले होते. तेथे या व्यापाराचे दोन प्रवाह स्पष्ट दिसतात. पहिला प्रवाह यंत्रांचा. १९५७ साली अमेरिकेत जॉन बॉर्डन यांचे हवेच्या दाबाने फिरणारे यंत्र बाजारात आले, आणि मिनिटास तीन लाखांच्या घरात फेरे घेणारी टोकरणी दंतवैद्याच्या हाती आली. अशा यंत्रांत १८९० सालची डब्ल्यू अँड एच ही आज ऑस्ट्रियात असलेली पेढी, १९०९ सालची जर्मनीची काव्हो आणि १९३० सालची जपानची नाकानिशी ही नावे आघाडीवर आहेत. कृत्रिम दंतमुळांत स्वित्झर्लंडच्या स्ट्राउमानचा लौकिक मोठा आहे. १८९९ साली न्यूयॉर्कमध्ये निघालेली डेंट्स्प्लाय २०१६ साली जर्मन परंपरेच्या सिरोनाशी एकरूप झाली. या प्रवाहात भांडवल, संशोधन आणि पेटंटे यांचे राज्य आहे.

दुसरा प्रवाह हातहत्यारांचा, आणि आपल्या हातांना ओळखीचा. यात शिकागोची १९०८ सालची ह्यू-फ्रीडी आहे, झोलिंगेनची कार्ल मार्टिन आहे, आणि टुटलिंगेन या छोट्या जर्मन गावाभोवतीच्या कित्येक पेढ्या आहेत. गॉटफ्रीड येट्टर यांनी १८६७ साली त्या गावी एक लहानशी कार्यशाळा घातली, तिचीच पुढे एस्क्युलाप ही मोठी कंपनी झाली. आज तेथे वैद्यकीय उपकरणांच्या शेकडो लहानमोठ्या पेढ्या नांदत आहेत.

जर्मन मालाची ही प्रतिष्ठा अनादि आहे, असे मात्र कोणी समजू नये. १८७६ साली फिलाडेल्फियाच्या प्रदर्शनात जर्मनीचेच प्रतिनिधी फ्रान्झ रोलो यांनी आपल्या देशाचा माल स्वस्त आणि वाईट आहे, असा उघड अभिप्राय दिला. शेफील्डच्या नावाखाली जर्मन चाकू-सुऱ्या खपविल्या जातात, अशी ओरड इंग्लंडात झाली, आणि १८८७ साली ब्रिटिश पार्लमेंटाने कायदा करून परक्या मालावर त्याच्या देशाचे नाव घालण्याची सक्ती केली. 'मेड इन जर्मनी' हा ठसा आरंभी गिऱ्हाइकास सावध करण्यासाठी होता. जर्मन कारागिरांनी माल सुधारला, आणि एका पिढीच्या आत तोच कलंक भूषण ठरला.

आता ज्या गावाविषयी बोलणार आहे त्याचे नाव ऐकून कित्येकांच्या कपाळास आठी पडेल. ते गाव म्हणजे पाकिस्तानातील सियालकोट. पाकिस्तानातून होणारी सर्व प्रकारची आयात आपल्या सरकारने मे २०२५ मध्ये बंद केली, हे आपण जाणता. त्याविषयी मला येथे काही बोलावयाचे नाही. परंतु विद्या कोणाकडूनही घ्यावी, असे आपले पूर्वज सांगत आले. आणि हे गाव अखंड पंजाबात असताना तेथील लोहार आपल्यासारखेच भात्यावर जगत होते. विसाव्या शतकाच्या आरंभी तेथील अमेरिकन मिशनच्या रुग्णालयातली हत्यारे दुरुस्तीसाठी या लोहारांकडे येऊ लागली. दुरुस्त करता करता त्यांनी तशीच नवी घडविली. दुसऱ्या महायुद्धात ब्रिटिश सरकारने त्यांच्याकडून माल घेतला. १९५८ साली कारखानदारांनी आपली संघटना स्थापिली. आज या गावाची शस्त्रक्रियेच्या व दंतवैद्यकीच्या हत्यारांची वार्षिक निर्यात ४० कोटी डॉलरच्या पुढे आहे. एकदा वापरून टाकून द्यावयाच्या स्वस्त हत्यारांची मागणी वाढली आहे, तिचाही मोठा वाटा तेथेच जातो.

पण या गावावर दोन कठीण प्रसंग आले. १९९४ साली अमेरिकेच्या अन्न व औषध प्रशासनाने, पोलाद निकृष्ट आणि उत्पादनाची पद्धत बेशिस्त म्हणून, तेथील मालावर निर्बंध घातले. सर्वांत मोठे गिऱ्हाईक एका फटक्यात हातचे जाण्याची वेळ आली. ज्याने उत्तम माल केला होता तोही बुडाला, कारण त्याच्या शेजाऱ्याने वाईट केला होता आणि ठसा दोघांच्या मालावर एकाच देशाचा होता. तेव्हा त्या संघटनेने सरकारच्या मदतीने अमेरिकन तज्ज्ञ बोलाविले, घरोघरच्या कारखान्यांना कामाची शिस्त व नोंदी ठेवणे शिकविले, आणि थोड्याच वर्षांत व्यापार पुन्हा उभा केला. दुसरा प्रसंग १९९६ सालचा. या कामात लहान मुले राबतात या कारणास्तव अमेरिकेने त्या मालाची जकातीतील सवलत काढून घेतली. हा ठपका खराच होता. उधारीपायी बापाबरोबर घासणीच्या चाकापाशी बसणारे पोर, आणि त्याच्या छातीत जाणारी पोलादाची धूळ, यांची किंमत कोणत्याही पावतीवर लिहिलेली नसते. आपल्यापैकी जे कारखाने चालवितात त्यांनी हे विसरू नये.

आणि एवढे करूनही त्या गावास एक गोष्ट साधली नाही. तेथे घडलेला कितीतरी माल जर्मनीस जातो, तेथे त्यावर अखेरचा हात फिरतो, आणि परक्या पेढीच्या नावाने तो जगभर विकला जातो. ज्याने कानस फिरविली त्याच्या पदरी किमतीचा अल्प अंश पडतो. मोठा वाटा जातो तो ज्याच्या नावावर गिऱ्हाईक विश्वास टाकते त्याच्याकडे. सियालकोटच्या व्यापाऱ्यांनी एकजुटीने स्वतःच्या पैशाने विमानतळ बांधला आणि २००७ साली तो सुरू केला. विमानतळ बांधता आला. स्वतःचे नाव जगाच्या मनात बांधणे त्याहून कठीण ठरले.

बंधूंनो, यातून आपण काय घ्यावे? फाळणीनंतर सियालकोटहून आलेल्या कारागिरांनी जालंधरला खेळाच्या सामानाचा उद्योग उभा केला, आणि शस्त्रक्रियेची हत्यारेही त्या शहरी होतात. तेव्हा हे काम भारतात होत नाही असे नव्हे. आपल्या ज्ञातीतही कित्येकांची लहान वर्कशॉपे आहेत. त्यांची मुले मला भेटतात आणि म्हणतात, "काका, लोखंडात आता काय राम राहिला? बाबांनी जन्मभर दुसऱ्याच्या नावाने माल केला." या प्रश्नास माझ्याजवळ पुरते उत्तर नाही. मात्र लोखंड टाकून देणे हे त्याचे उत्तर नव्हे, एवढे मला कळते.

एकटा लहान कारखानदार आपल्या मालाची हमी जगास देऊ शकत नाही. काठिण्य मोजण्याचे यंत्र, पोलादाचे पृथक्करण, उष्णतेवर नेमका ताबा असलेली भट्टी, हे सारे एकट्याच्या आवाक्याबाहेर आहे. पण काही परीक्षा घरच्या घरी होतात. हत्यार मोरचुदाच्या द्रावणात धरावे. पृष्ठभागावर मोकळे लोह उरले असेल तर तेथे तांबे चढते. ते पाण्यात उकळून तसेच ठेवावे, आणि दुसऱ्या दिवशी सांधा पाहावा. एवढे मी त्या दिवशी केले असते, तर त्या वृद्ध दंतवैद्यांना माझ्या दुकानाची पायरी पुन्हा चढावी लागली नसती. जे एकट्यास जमत नाही ते दहांनी मिळून करावे. सूक्ष्म व लघुउद्योगांच्या समूहांना सामाईक सुविधा केंद्र उभारण्यास केंद्र सरकारची योजना साहाय्य देते. आपल्या संस्थेने विद्यार्थी-वसतिगृहासाठी ज्या निष्ठेने निधी जमविला, त्याच निष्ठेने एक लहानशी परीक्षणशाळा काढण्याचा विचार करावा, अशी माझी अध्यक्षमहाराजांस नम्र विनंती आहे. तिच्या पहिल्या वर्गणीत माझा वाटा मी आजच देऊ इच्छितो.

मात्र त्या परीक्षणशाळेचा एक नियम कडक असावा. नापास मालावर आपला ठसा पडता कामा नये, मग तो माल अध्यक्षांच्या पुतण्याचा असो की माझ्या मुलाचा. सियालकोटवर जे ओढवले ते एका घराचे पाप नव्हते. एकाचा गंज सर्वांच्या नावास लागला. ज्ञातीचे नाव एक असणे हा आजवर आपण अभिमानाचा विषय मानला. ती तितकीच जबाबदारीची गोष्ट आहे.

पूर्वी कुणबी आपल्या भात्यापाशी येऊन आपले तोंड पाहत असे. उद्या एखाद्या दूरच्या गावचा दंतवैद्य आपण घडविलेली पकड हाती घेईल, तेव्हा त्यास आपले तोंड दिसणार नाही. त्याच्या खुर्चीत एक भ्यालेला माणूस तोंड उघडून बसलेला असेल. त्या दोघांचा विश्वास सांभाळील असा ठसा आपल्या मुलांच्या हातून उमटावा, एवढीच माझी सदिच्छा आहे.