ड्रॉवरमधलं समन्स आणि दहा दिवस

मी कोड लिहून पोट भरतो, वकील नाही. पण गेल्या वर्षी एक शब्द कायमचा पाठ झाला: लीव्ह टू डिफेंड. बचाव करायची परवानगी. हो, परवानगी मागावी लागते!

इचलकरंजीत आमचे आठ यंत्रमाग आहेत. बाबांनी एका व्यापाऱ्याकडून उधारीवर सूत घेतलं आणि विश्वास म्हणून सही केलेला कोरा चेक देऊन ठेवला. सूत खराब निघालं, मागावर सारखं तुटायचं. निम्म्याहून जास्त माल बाबांनी परत पाठवला. तरी त्याने चेकवर पूर्ण रक्कम टाकली, ६ लाख ४० हजार. चेक वटला नाही, दावा लागला.

समन्स आलं, ते बाबांनी ड्रॉवरमध्ये ठेवलं. "तारखेला जाऊ की. माल परत केलाय, कोर्ट ऐकेलच." मी शनिवारी घरी पोचलो तेव्हा आठवा दिवस होता. कागदावर 'आदेश ३७' दिसलं, मोबाईलवर शोधलं आणि घाम फुटला.

साध्या दाव्यात आपली बाजू मांडायचा हक्क असतोच. इथे डीफॉल्ट सेटिंग उलटं आहे. चेक, हुंडी, वचनचिठ्ठी किंवा लेखी करारातली ठरलेली रक्कम असेल, तर दिवाणी प्रक्रिया संहिता, १९०८ च्या आदेश ३७ खाली समरी दावा लावता येतो. समन्स मिळाल्यापासून १० दिवसांत हजेरी नोंदवायची. नाही नोंदवली, तर दाव्यातलं म्हणणं मान्य धरलं जातं आणि वादीला हुकूमनामा मिळतो. नोंदवली, तर वादी निकालासाठीचं दुसरं समन्स बजावतो. त्यानंतर पुन्हा १० दिवसांत प्रतिज्ञापत्र देऊन परवानगी मागायची. उशीर माफ होऊ शकतो, पण सबळ कारण दाखवावं लागतं.

सोमवारी, दहाव्या दिवशी, हजेरी लागली. वकील मॅडमचा पहिला प्रश्न, "खरं देणं किती?"

बाबा ताडकन म्हणाले, "एक रुपया नाही!"

रात्री आम्ही दोघं वही घेऊन बसलो. वापरलेल्या सुताचे १ लाख ८० हजार निघत होते. बाबा बराच वेळ गप्प होते. मॅडम म्हणाल्या, "हे लपवू नका. जेवढं मान्य आहे तेवढं कोर्टात भरल्याशिवाय परवानगी मिळत नाही. आणि खोटं पकडलं गेलं तर खऱ्यावरही कोणी विश्वास ठेवणार नाही."

सुप्रीम कोर्टाने २०१६ मध्ये हबटाउनच्या खटल्यात पायऱ्या सांगितल्यात. बचाव भक्कम असेल किंवा खरोखर तपासण्यासारखा मुद्दा असेल, तर साधारणपणे विनाअट परवानगी. बचावाच्या खरेपणाबद्दल शंका असेल, तर पैसे किंवा तारण भरायची अट. बचाव निव्वळ पोकळ असेल, तर नकार. २०२२ मध्ये बी. एल. कश्यप खटल्यात कोर्टाने पुन्हा सांगितलं: परवानगी हा नियम, नकार हा अपवाद.

आमच्याकडे माल परत घेतल्याची त्याच्याच सहीची पावती होती, तुटलेल्या सुताचे फोटो होते. मी माझी एफडी मोडली, मान्य रक्कम भरली, परवानगी मिळाली. दावा अजून चालू आहे. जिंकलो नाही, पण आमचं म्हणणं आता ऐकलं जाणार आहे.

तर आज घरी एक काम करा. आईबाबांना विचारा, कोर्टाचा एखादा कागद ड्रॉवरमध्ये पडलाय का? आणि कोरा चेक कोणालाच देऊ नका, अगदी सख्ख्या मित्रालाही.

भेटूया पुढच्या भागात!