पंधरा वर्षं, वीस कसोट्या



डायना एडल्जी १९७६ मध्ये वेस्ट इंडीजविरुद्ध पहिली कसोटी खेळल्या आणि १९९१ मध्ये शेवटची. पंधरा वर्षांत कसोट्या मिळाल्या फक्त २०. तेवढ्यात या डावखुऱ्या फिरकी गोलंदाजाने ६३ बळी घेतले. १९८६ च्या इंग्लंड दौऱ्यानंतर तर १९९१ पर्यंत भारताच्या बायकांना एकही कसोटी मिळाली नाही. म्हणजे २० हा आकडा डायनांची कुवत सांगत नाही. बाईच्या खेळाला किती जागा दिली गेली, ते सांगतो.

पैसा नाही, हे कारण नेहमीचंच. १९८२ च्या न्यूझीलंडमधल्या विश्वचषकासाठी खेळाडूंनाच प्रत्येकी दहा हजार रुपये भरायला सांगितलं होतं. देशासाठी खेळायचं, तेही पदरमोड करून! १९८६ मध्ये लॉर्ड्सच्या पॅव्हेलियनमध्ये डायनांना प्रवेश नाकारला. तेव्हा 'एम.सी.सी.'ने आपलं नाव बदलून 'एम.सी.पी.' करावं, असं त्यांनी सुनावलं. यातला 'पी' कोण, ते या सभेत सांगायला नको! त्या क्लबने बायकांना सभासदत्व खुलं केलं ते १९९८ मध्ये.

पण मला महत्त्वाचं वाटतं ते डायनांचं मैदानाबाहेरचं काम. त्या पश्चिम रेल्वेत नोकरीला होत्या. महिला खेळाडूंना रेल्वेत नोकऱ्या मिळाव्यात म्हणून त्या झटल्या. घरात लग्नाचा तगादा सुरू झाला की मुलीची बॅट माळ्यावर जाते. स्वतःचा पगार असला, तर तिला 'थांबा' म्हणता येतं. २०१४ मध्ये हरमनप्रीत कौर पश्चिम रेल्वेत लागली, तेव्हाही डायनांनी तिच्यासाठी शब्द टाकला होता. २ नोव्हेंबर २०२५ ला हरमनप्रीतच्याच नेतृत्वाखाली भारताने नवी मुंबईत विश्वचषक जिंकला.

क्रिकेट मंडळाने महिला क्रिकेट आपल्याकडे घेतलं २००६ मध्ये, आणि सामन्याचं मानधन पुरुषांइतकं देण्याचं जाहीर केलं २०२२ मध्ये. डायना तेव्हा कधीच निवृत्त झाल्या होत्या. २०२३ मध्ये त्यांना आयसीसीच्या 'हॉल ऑफ फेम'मध्ये स्थान मिळालं. हा मान मिळालेल्या त्या पहिल्या भारतीय स्त्री. मानाचा आनंद आहेच, पण मानाने सामने परत मिळत नाहीत.

म्हणून माझं एवढंच म्हणणं आहे. आपल्या वस्तीतल्या मैदानावर मुलींसाठी रोजची वेळ राखून ठेवा, ही मागणी पाण्याच्या आणि रेशनच्या मागणीशेजारीच लिहू या. खेळ ही चैन नाही, तो मुलींचा हक्क आहे.