लोइस वेबर : मूकपटांच्या काळांतील एक विस्मृत दिग्दर्शिका

अमेरिकन मूकपटांचा विषय निघाला, कीं ग्रिफिथची भव्यता आठवते, चॅप्लिनचें हास्य आठवतें. लोइस वेबर हें नांव मात्र सहसा कोणाच्या तोंडीं येत नाहीं. वास्तविक 1916 सालीं वेबरबाई युनिव्हर्सल कंपनीच्या सर्वाधिक वेतन घेणाऱ्या दिग्दर्शकांपैकीं होत्या, आणि 1917 मध्यें त्यांनीं स्वतःचा स्टुडिओ थाटला. समकालीनांनीं त्यांची उपेक्षा केली, असें म्हणावयास जागाच नाहीं; विसर पडला तो मागाहून.

त्यांचा जन्म 1879 चा, पेन्सिल्व्हानियांतला. तरुणपणीं त्यांनीं पियानोवादन केलें, दरिद्री वस्त्यांतून धर्मप्रचार केला, मग त्या रंगभूमीवर आल्या. त्या वस्त्या त्यांच्या डोळ्यांपुढून कधींच हलल्या नसाव्यात.

1916 सालचा 'शूज' हा चित्रपट घ्यावा. ईव्हा ही दुकानांत काम करणारी मुलगी. सारें घर तिच्या तुटपुंज्या पगारावर चालतें. बाप धडधाकट, पण कादंबऱ्या वाचीत पडलेला. ईव्हाच्या बुटांचे तळ पार झिजले आहेत. ती पुठ्ठा कातरून आंत बसविते, आणि पावसांत तो भिजून लगदा होतो. दुकानाच्या कांचेमागें नवे बूट दिसत राहतात. अखेर त्या एका जोडासाठीं ती आपलें शील विकते. आणि घरीं परतते तों बाप सांगतो, कीं आपल्याला नोकरी मिळाली. हा योगायोग जरा बेतलेला आहे खरा. परंतु तोंवर त्या पुठ्ठ्यानें प्रेक्षकाला असें खिळवून ठेवलेलें असतें, कीं तक्रार करण्याचें भान राहत नाहीं.

1921 च्या 'द ब्लॉट'मध्यें दारिद्र्य आहे तें प्राध्यापकाच्या घरांतलें. गालिचा विरलेला, खुर्च्यांचें कापड फाटलेलें. आणि शेजारीं बुटांच्या धंद्यावर श्रीमंत झालेलें कुटुंब. आजारी मुलीसाठीं प्राध्यापकाची पत्नी शेजाऱ्यांच्या स्वयंपाकघरांतून कोंबडी उचलते, आणि लाजेनें परत ठेवते. सुशिक्षितांची ही झांकली मूठ इतक्या हळुवारपणें क्वचितच कोणी उघडली असेल.

महायुद्धानंतरच्या प्रेक्षकाला मात्र ऐषआराम नि नाचगाणें हवें होतें. शिवाय मोठ्या कंपन्यांनीं चित्रगृहेंही हातीं घेतलीं. स्वतंत्र निर्मात्याला पडदा मिळणें कठीण झालें. वेबरबाईंचा स्टुडिओ बंद पडला. 1934 मध्यें त्यांनीं 'व्हाइट हीट' हा एक बोलपट केला आणि 1939 सालीं त्या वारल्या. मागें राहिली ती नायट्रेटची फिल्म, झटकन पेट घेणारी आणि ठेवल्या ठेवल्या कुजणारी. अमेरिकेचे सुमारे 70 टक्के मोठे मूकपट अशा रीतीनें नाहींसे झाले. वेबरबाईंचेही पुष्कळ गेले. जें पाहतांच येत नाहीं, त्याविषयीं इतिहासकार लिहिणार तरी काय?

'शूज' वांचला, तो जीर्ण स्थितींत. 1932 मध्यें युनिव्हर्सलनेंच त्याचे तुकडे घेऊन, वर टिंगलीची बडबड चढवून, एक लहानसा विनोदी पट काढला होता. 2010 च्या सुमारास नेदरलंड्समधील चित्रपट-संग्रहालयानें आपल्याजवळच्या प्रतींवरून मूळ चित्रपट पुन्हां जुळविला, तेव्हां त्या टिंगलीच्या पटांतील दृश्यांचाही उपयोग झाला.