आग्रहाचें आमंत्रण आणि लग्नाचें संकेतस्थळ

मराठी लग्नपत्रिकेच्या तळाशीं एक ओळ बहुधा असतेच. वेळेअभावीं समक्ष येऊन बोलावणें जमलें नाहीं, तरी हेंच आग्रहाचें आमंत्रण समजावें, असा तिचा आशय असतो. ही ओळ घालावी कीं नाहीं, असें छापखानेवाला यजमानास विचारीतहि नाहीं. परंतु तिच्यांत एक मोठी कबुली दडलेली आहे. पत्रिका हें खरें आमंत्रण नव्हे. खरें आमंत्रण देतां आलें नाहीं म्हणून धाडलेलें तें दिलगिरीचें पत्र होय, हें पत्रिका आपल्याच तोंडानें सांगते. खरें आमंत्रण म्हणजे कुंकवाच्या अक्षता घेऊन उंबरठ्याशीं आलेलें माणूस.

आतां या पत्रिकेच्याहि पुढची पायरी आली आहे, ती म्हणजे लग्नाचें संकेतस्थळ. इंटरनेटवरील हें एक पान. त्याचा पत्ता मोबाइलवरून आप्तेष्टांस धाडला कीं वधूवरांचीं नांवें, मुहूर्त, कार्यालयाचा नकाशा, जेवणाची वेळ, उतरण्याची सोय, हें सर्व त्यांस घरबसल्या दिसतें. आणि आपण किती माणसें येणार याचें उत्तरहि तेथेंच नोंदवितां येतें. आपल्याकडे २०१६ नंतर मोबाइलवरील इंटरनेट स्वस्त झालें, तेव्हां ही चाल मध्यम स्थितींतील घरांपर्यंत पोंचली. २०२० सालीं करोनाच्या साथीमुळें लग्नास पन्नासच माणसांची मर्यादा पडली, त्या काळांत तर कित्येकांनीं सख्ख्या भाच्याचें लग्न पाहिलें तें पडद्यावरच. नव्या चालीस नांवें ठेवणें सोपें असतें. ती कोठें उपयोगी पडते आणि कोठें तोकडी पडते, हें पाहावयाचें तर रत्नागिरी जिल्ह्याच्या उत्तर टोंकाचा मंडणगड तालुका घ्यावा.

मंडणगडास आगगाडी नाहीं. कोंकण रेल्वे १९९८ सालीं पूर्ण झाली, पण तिचा मार्ग या तालुक्यास बाजूला ठेवून पूर्वेकडून गेला. पाहुण्यानें माणगांवास किंवा खेडास उतरावें आणि पुढें एस. टी. किंवा मोटार पाहावी. मुंबईहून मोटारीनें येणारा लोणेरें येथें महामार्ग सोडतो, गोरेगांवावरून आंबेतास येतो आणि सावित्री ओलांडून म्हाप्रळाशीं तालुक्यांत शिरतो. आंबेतचा हा पूल दुरुस्तीसाठीं बंद ठेवण्याचे प्रसंग अलीकडच्या वर्षांत आलेले आहेत. हरिहरेश्वराच्या बाजूनें येणाऱ्यास बागमांडल्याहून फेरीबोटीनें वेसवीस उतरतां येतें. मात्र शेवटची बोट चुकली तर पैलतीराचे दिवे पाहात बसावें लागतें. त्यांतून नांवांचा घोटाळा निराळाच. "गोरेगांवावरून या" असें सांगितलें तर मुंबईच्या मुलास आपल्या लोकलचें गोरेगांव आठवावयाचें. नकाशांत नुसतें "मंडणगड" घातलें तर एखादा गांवाऐवजीं गडाच्या वाटेस लागावयाचा. गांवांत पोंचल्यावर पुन्हां वाड्या. आणि वरची वाडी, खालची वाडी, मधली वाडी हीं नांवें कोंकणांत गांवोगांवीं.

पत्रिकेवर यांतलें कांहींच मावत नाहीं. "मु. पो. अमुक, ता. मंडणगड" एवढ्यावर पाहुण्याची बोळवण होते, आणि मग ऐन मुहूर्ताच्या वेळीं नवरीचा बाप कानास मोबाइल लावून कोणाला तरी वळणें समजावून सांगत असतो. संकेतस्थळाचा खरा उपयोग येथें आहे. मांडवाची नेमकी जागा, पूल चालू आहे कीं नाहीं, शेवटची बोट किती वाजतां, परतीची एस. टी. कोणती, हें त्यावर लिहावें आणि आदल्या दिवशीं बदललें तर दुरुस्त करावें. छापलेल्या कागदास हें साधत नाहीं. वधूवरांची पहिली भेट कोणत्या उपाहारगृहांत झाली, याचें साग्र वर्णन मात्र पुष्कळ पानांवर सांपडतें. पाहुण्याला रस्ता हवा असतो.

या भागांतलीं घरें फार पूर्वींपासून गांव आणि मुंबई अशीं दुभागलेलीं आहेत. डॉ. बाबासाहेब आंबेडकरांचें मूळ गांव आंबडवें याच तालुक्यांतलें. त्यांचें लग्न मात्र मुंबईस, भायखळ्याच्या बाजारांत, दिवसाचा व्यवहार आटोपल्यावर रात्रीं लागलें. आजहि मंडणगडकडच्या घराचीं निम्मीं माणसें गांवीं आणि निम्मीं मुंबईकडे. मुंबईच्या निम्म्यांस संकेतस्थळ पुरतें. गांवच्या निम्म्यांचें काय, हा प्रश्न आहे.

अशा घरांत मग कांहींसें असें बोलणें होतें. मुंबईचा मुलगा म्हणतो, "बाबा, सगळ्यांना पत्ता पाठवला. दीडशें जणांनीं पान उघडलंसुद्धां. आतां तुम्ही वाडीवाडीनं फिरायची दगदग करूं नका."

"वरच्या वाडीच्या काकीला कळवलंस?"

"तिच्या नातवाच्या मोबाइलवर गेलाय कीं."

"म्हणजे नातवाला बोलावलंस. काकीला कोण बोलावणार?"

मुलाच्या हिशेबीं काकीला बातमी पोंचलेली असते, आणि ती पोंचलेली असतेहि. तिला तिथी ठाऊक असते, मुहूर्त ठाऊक असतो, सनईचा आवाजहि ऐकूं येतो. पण तिच्या हातावर अक्षता पडलेल्या नसतात. लग्न लागतें, पंगती उठतात, आणि काकी आपल्या ओटीवर बसून राहते. कोणी विचारलेंच तर म्हणते, "मला कुठं बोलावणं होतं?" यांतून पडलेली अढी एका पिढींत सुटतेच असें नाहीं.

सर्वांत वाद होतो तो "किती जण येणार" या प्रश्नावर. जुन्या माणसांस तो उद्धटपणाचा वाटतो. बोलावणाऱ्यानें का डोकीं मोजावयाचीं? परंतु मोजणी आपल्याकडे पूर्वींहि होती. ती बोलावण्याच्या शब्दांतच बसविलेली असे. "घरटी एक" म्हटलें कीं त्या घरांतून एकानें यावयाचें. "चूलबंद" म्हटलें कीं त्या दिवशीं त्या घरीं चूल पेटावयाची नाहीं, लेंकरांबाळांसह सर्वांनीं मांडवांत जेवावयाचें. तेवढ्यावरून आचारी तांदूळ काढी. पाहुण्यास न विचारतां त्याचें उत्तर काढून घेण्याची ही युक्ति मोठी सभ्य होती. आज ती मुंबईकडच्या मंडळींपुरती चालत नाहीं, कारण कोणाची रजा मंजूर होईल आणि कोणाची नाहीं हें यजमानास कळण्याचा मार्ग नाहीं. आणि कोंकणांतली लग्नसराई म्हणजे वैशाखाचे दिवस, विहिरींनीं तळ गांठलेला. पन्नास पानें अधिक वाढलीं तर प्रश्न भाताचा नसतो, पाण्याचा असतो. म्हणून मुंबईच्या पाहुण्यास हा प्रश्न खुशाल विचारावा, आणि पाहुण्यानेंहि त्याचें उत्तर वेळेवर द्यावें. "बघूं, जमलं तर" हें उत्तर नव्हे. वाडींतल्या घरास मात्र तो विचारूं नये. तेथें "चूलबंद" हाच शब्द अजून पुरेसा आहे.

आणखी एक सावधगिरी. पत्रिका ओळखीच्या हातांत जाते. संकेतस्थळ मात्र वाटेल त्यास उघडतां येतें, जर त्यास परवलीचा शब्द लावलेला नसेल तर. अमुक दिवशीं घरचीं सर्व माणसें मांडवांत असतील आणि घर बंद असेल, ही बातमी जगास देण्याचें कारण नाहीं. तेव्हां राहत्या घराचा पत्ता आणि लहान मुलांचीं छायाचित्रें पानावर घालूं नयेत. २०२४ च्या सुमारास लग्नपत्रिकेच्या नांवाखालीं मोबाइलवर फसवी फाइल धाडून लोकांचे पैसे लुबाडण्याचे प्रकार देशांत झाले. त्यामुळें पानाचा पत्ता धाडण्याआधीं दूरध्वनि करून "पाठवीत आहें" असें सांगणें बरें. तेवढ्या निमित्तानें दोन शब्द बोलणेंहि होतें. आहेराचे पैसे भरण्यासाठीं कांहीं पानांवर जी काळीपांढरी चौकट टांकतात, ती तर काढूनच टाकावी. आमंत्रणाबरोबर बिल जोडल्यासारखें तें दिसतें.

संकेतस्थळ केलें तरी पंचवीस-तीस पत्रिका छापून घ्याव्याच. पहिली देवापुढें ठेवावयाची, दुसरी ग्रामदेवतेस, मग मानकरी आणि वाडींतलीं वडील माणसें. एक ट्रंकेंत ठेवावी; संकेतस्थळाचें भाडें वर्षानें थकलें कीं तें पान नाहींसें होतें, आणि नातवंडांस दाखवावयास कांहीं उरत नाहीं. वरच्या वाडीची पत्रिका दुसऱ्या कोणाच्या हातीं देऊं नये. तीबरोबर कुंकवाच्या अक्षता घ्याव्या आणि ऊन उतरल्यावर स्वतः मुलानेंच चढण चढून जावें.