आयुष्य जसं आहे तसं

मूकपट म्हटलं की पडापडी, पाठलाग आणि तुरुतुरु चालणारी माणसं आठवतात. आज एक संथ मूकपट सुचवतो: ल्वी फेयाद या फ्रेंच दिग्दर्शकाचा १९११ सालचा ‘ला तार’, म्हणजे ‘कलंक’.

त्याआधी दहा वर्षं, १९०१मध्ये, फेर्दिनां झेकाने पाते कंपनीसाठी ‘एका गुन्ह्याची कहाणी’ काढली होती. चोर खून करतो, पकडला जातो, गिलोटिनखाली जातो. हिशेब चुकता! प्रेक्षक निर्धास्त घरी जायला मोकळा.

फेयाद ही सोय ठेवत नाही. गोमाँ कंपनीत त्याने ‘आयुष्य जसं आहे तसं’ ही चित्रपटमाला सुरू केली आणि कल्पनेचे खेळ बाजूला ठेवून जगण्याचा एक तुकडा दाखवू, असं जाहीर केलं. (यात काटकसरही होती. राजवाड्यांपेक्षा साधी खोली उभारणं स्वस्त पडतं!)

‘ला तार’ची नायिका ॲना नाचघरातली. एक डॉक्टर तिला मुलांच्या रुग्णालयात काम देतो. तिथे ती जीव ओतून राबते, पुढे प्रमुखही होते. मग पूर्वायुष्यातलं कुणीतरी तिला ओळखतं, बातमी फुटते आणि प्रतिष्ठित मंडळी तिला घालवून देतात. ज्या मुलांची तिने सेवा केली, त्यांचं मत कुणी विचारत नाही. इथे खून नाही, चोरी नाही. गुन्हा म्हणावा तर तो त्या सभ्य निर्णयातच आहे, आणि त्याला शिक्षा करणारं कुणी नाही.

पाहायचा कसा? क्लोजअपची वाट पाहू नका. कॅमेरा बहुतेक वेळ जागचा हलत नाही, माणसं जवळजवळ पूर्ण दिसतात. कुठे बघायचं ते तुम्हीच ठरवायचं. ॲना झालेल्या रने कार्लचे खांदे पाहा, हात पाहा. खोलीत कोण तिच्या किती जवळ उभं राहतं, कोण नजर चुकवतं, याकडे लक्ष द्या. मजकुराच्या पाट्या गोष्ट पुढे नेतात खऱ्या, पण न्यायनिवाडा या अंतरांमध्ये चालू असतो. घाईने पाहिलात तर कंटाळाल, हे आधीच सांगतो.

१९१३मध्ये फेयाद ‘फाँतोमास’ या बदमाशाच्या चित्रपटांकडे वळला. मुखवटे, खून, पळापळ, प्रेक्षकही खूश. गंमत म्हणजे तो बदमाश पळतो ते पॅरिसच्या खऱ्याखुऱ्या रस्त्यांवरून.