बालकाच्या बुद्धीची वाढ आणि आपले कर्तव्य

(धर्मग्रामाच्या सुवर्णमहोत्सवानिमित्त भरलेल्या पालकसभेत दिलेले व्याख्यान)



महोत्सवाच्या ह्या वर्षी निरनिराळ्या विषयांवर व्याख्याने व्हावीत असे ठरले, तेव्हा मुलांच्या बुद्धीविषयी चार शब्द बोलण्याचे काम आमच्याकडे आले. विषय मोठा, आणि आमचा अधिकार बेताचा. तथापि धर्मशिक्षणाच्या वर्गाच्या निमित्ताने मुलांशी व त्यांच्या आईबापांशी आमचा नित्य संबंध येतो, आणि एक तक्रार आमच्या कानी वारंवार पडते : ‘फादर, कितीही शिकवा, ह्याच्या डोक्यात काही शिरतच नाही.’ ह्या तक्रारीच्या मुळाशी एक समजूत आहे. मुलाचे डोके म्हणजे रिकामे मडके. त्यात ज्ञान जितके लवकर ओतावे तितके ते लवकर भरेल, अशी ती समजूत होय. ती खरी नाही, आणि तिच्यापायी मुलांची फार हानी होते, एवढेच आज आम्हांस सांगावयाचे आहे.

प्रथम एक घरगुती दाखला घेऊ. अडीच-तीन वर्षांचे मूल ‘मी काम करलं’, ‘बाबा येला’ असे बोलते. आपण हसतो व त्याची चूक सुधारतो. परंतु घरात ‘करलं’ असे कोणीही म्हणत नाही. मग हा शब्द त्याने कोणाकडून घेतला? कोणाकडूनही नाही. ‘धरलं’, ‘भरलं’, ‘मारलं’ हे शब्द ऐकून त्याने आपल्या मनाशी एक नियम बांधला, आणि तो ‘कर’ ह्या धातूस लावून पाहिला. नियम यथार्थ आहे. भाषेनेच तेथे अपवाद केला आहे. अंक मोजताना ‘अठ्ठावीस’ म्हटल्यावर मूल ‘नववीस’ म्हणून जाते, तेथेही हाच प्रकार. १९५८ साली जीन बर्को नावाच्या अमेरिकन विदुषीने काल्पनिक प्राण्यांची चित्रे मुलांस दाखवून त्यांना अर्थहीन नावे दिली, व एकाचे दोन झाल्यावर काय म्हणावे असे विचारले. पूर्वी कधीही न ऐकलेल्या शब्दाचे अनेकवचन पुष्कळ मुलांनी बिनचूक केले. पोपट ऐकलेले तेवढेच बोलतो. मूल न ऐकलेलेही बोलते, कारण ते विचार करीत असते.

ह्या विचाराचा शोध ज्याने आयुष्यभर घेतला तो विद्वान म्हणजे स्वित्झर्लंडमधील जाँ पियाजे (१८९६-१९८०). १९२० च्या सुमारास पॅरिस येथे मुलांच्या बुद्धिमापनाच्या प्रश्नपत्रिका तयार करण्याचे काम त्याच्याकडे होते. कोणाची किती उत्तरे बरोबर आली हे मोजणे, इतकेच त्यात अपेक्षित होते. पियाजेचे लक्ष मात्र चुकलेल्या उत्तरांकडे गेले. एकाच वयाची मुले बहुधा एकाच तऱ्हेने चुकतात, असे त्यास आढळले. चुकीतही जर नियम आहे, तर तिच्यामागे विचारही असला पाहिजे, हे ओळखून त्याने मुलांशी बोलण्यास प्रारंभ केला. पुढे स्वतःच्या तीन अपत्यांचे पाळण्यापासून बारकाईने निरीक्षण करून त्याने ग्रंथ लिहिले.

त्याच्या मताचा सारांश असा. पहिली सुमारे दोन वर्षे मूल हाताने, तोंडाने व हालचालीने विचार करते. वस्तू दृष्टीआड झाली तरी ती नाहीशी होत नाही, हेही त्यास हळूहळू उमगते. पदराआड तोंड लपवून ‘कुक’ करण्याच्या खेळात तान्ह्या बाळास जी गंमत वाटते ती ह्याच कारणाने. दुसऱ्यापासून सुमारे सातव्या वर्षापर्यंत मूल शब्द, चित्र व खेळ ह्यांच्या साहाय्याने विचार करते. परंतु जे डोळ्यांस दिसते त्याचाच पगडा त्याच्या मनावर अधिक असतो. सात ते अकरा ह्या काळात त्यास तर्क जमू लागतो, पण समोरच्या, हाताळता येणाऱ्या वस्तूंविषयी. नुसत्या कल्पनांवर तर्क चालविण्याची शक्ती अकराव्या-बाराव्या वर्षाच्या सुमारास येऊ लागते.

ह्याची प्रचीती माताभगिनींस घरीच घेता येईल. दोन सारख्या पेल्यांत सारखे सरबत ओता. चार-पाच वर्षांचे मूल दोन्ही सारखे असल्याचे मान्य करील. मग त्याच्या देखत एका पेल्यातील सरबत उंच व निमुळत्या पेल्यात ओता. आता उंच पेल्यात जास्त आहे, असे ते बहुधा छातीठोकपणे सांगेल. त्यास रागावून काही उपयोग नाही. ‘सारखेच आहे’ हे वाक्य पाठ करून घेतले तरी ते त्यास पटलेले नसते. दोन-तीन वर्षे जाऊ द्या. तेच मूल तुमच्या प्रश्नाला हसेल आणि म्हणेल, ‘पेला उंच आहे, पण बारीकही आहे ना!’ मधल्या काळात त्याने शेकडो वेळा पाणी ओतले असते, वाळू भरली असते, खाऊचे वाटे केले असतात. हे ज्ञान त्याच्या हातांतून डोक्यात गेलेले असते.

पियाजेचे सर्वच म्हणणे पुढील संशोधकांनी स्वीकारले असे नाही. १९७४ साली मॅकगॅरिगल व मार्गारेट डोनाल्डसन ह्यांनी असाच एक प्रयोग निराळ्या रीतीने केला. सोंगट्यांच्या दोन सारख्या ओळी मांडल्या, आणि त्यांतील एक ओळ मोठ्या माणसाने न हलविता एका खट्याळ अस्वलाच्या बाहुलीने विस्कटली. तेव्हा कितीतरी अधिक मुलांनी ‘दोन्ही सारख्याच’ असे योग्य उत्तर दिले. मोठ्या माणसाने मुद्दाम काही बदलून तोच प्रश्न पुन्हा विचारला, म्हणजे आपले पहिले उत्तर चुकले असावे, असे मुलास वाटत असले पाहिजे. १९८५ साली रेने बेयार्जाँ व तिच्या सहकाऱ्यांनी दाखविले की, दृष्टीआड झालेल्या वस्तूची काही जाणीव पाच महिन्यांच्या बाळासही असते. तात्पर्य, वयाचे टप्पे म्हणजे आगगाडीचे वेळापत्रक नव्हे. कोणी पुढे, कोणी मागे, आणि एकच मूल एका विषयात पुढे व दुसऱ्यात मागे असू शकते. एवढे मात्र टिकून राहिले आहे की, मूल आपले ज्ञान स्वतः रचते, आणि ती रचना क्रमाने होते.

मग थोरांचे काम काय? पियाजेच्याच वर्षी जन्मलेल्या व १९३४ साली अवघ्या सदतिसाव्या वर्षी क्षयाने निवर्तलेल्या लेव व्हिगॉट्स्की ह्या रशियन विद्वानाने ह्याचे उत्तर दिले. जे काम मूल आज एकटे करू शकत नाही, परंतु जाणत्याचा हात धरून करू शकते, तेच ते उद्या एकट्याने करील. शिक्षकाने ह्या मधल्या प्रांतात उभे राहावे. आमच्या सेमिनरीतील अभ्यासक्रमात संत थॉमस अक्विनास ह्यांचे एक विवेचन असे. वैद्य जसा रोग्याच्या ठायी असलेल्या निसर्गशक्तीस साहाय्य करतो, तसाच शिक्षक शिष्याच्या ठायी असलेल्या बुद्धीच्या प्रकाशास साहाय्य करतो, असे त्यांनी तेराव्या शतकात प्रतिपादिले. औषध वैद्याचे, बरे होणे रोग्याचे.

ह्याबाबतीत ख्रिस्तसभेची परंपराही विचार करण्याजोगी आहे. पूर्वी कित्येक ठिकाणी प्रथम ख्रिस्तशरीर स्वीकारण्यासाठी मुलांस दहा, बारा किंवा त्याहून अधिक वर्षांचे होईपर्यंत थांबावे लागे. पोप पायस दहावे ह्यांनी १९१० साली हे वय सुमारे सात वर्षांचे ठरविले. मुलास विवेक येऊ लागतो ते हे वय. त्यासाठी संपूर्ण धर्मसिद्धान्ताचे ज्ञान आवश्यक नसून साध्या भाकरीहून ही भाकर वेगळी आहे हे त्यास आपल्या वयाप्रमाणे उमजावे, एवढे पुरे मानले गेले. मुलाच्या समजुतीस तिच्या वयाप्रमाणे मान द्यावा, हाच त्यातील भाव होय. म्हणून धर्मशिक्षणाच्या वर्गात पाठ केलेली उत्तरे घडाघडा म्हणणाऱ्या मुलाचे कौतुक अवश्य करावे. पण ‘ह्याचा अर्थ तुझ्या शब्दांत सांग’ असेही त्यास विचारावे.

आता आपल्या घरांकडे वळू. दोन गोष्टींविषयी आम्हांस विशेष चिंता वाटते.

पहिली गोष्ट घाईची. तीन वर्षांच्या मुलाच्या हाती पेन्सिल देऊन पानेच्या पाने लिहून घेतली जातात, आणि साडेतीन वर्षांच्या मुलास शिकवणीस धाडले जाते. जन्मसमयी बाळाच्या मनगटातील आठही छोटी हाडे कूर्चेची असतात. ती एकेक करून कठीण होत जातात, आणि शेवटचे हाड आठ ते बारा वर्षांच्या दरम्यान कठीण होऊ लागते. अशा हाताने आधी माती मळावी, शेंगा सोलाव्यात, फुले ओवावीत, रेघोट्या ओढाव्यात. २०२० च्या राष्ट्रीय शैक्षणिक धोरणानेही तीन ते आठ ही पाच वर्षे एक पायाभूत टप्पा मानून खेळ व कृती ह्यांस त्यात प्रमुख स्थान दिले आहे. हे आपणांस नवे वाटू नये. आपल्याच पालघर जिल्ह्यात, जो तेव्हा ठाणे जिल्ह्याचा भाग होता, ताराबाई मोडक ह्यांनी १९४५ साली बोर्डी येथे खेड्यातील बालशिक्षणाचे कार्य आरंभिले, व १९५७ साली ते कोसबाडच्या टेकडीवर नेले. अनुताई वाघ त्यांच्या सहकारी होत्या. आदिवासी मुले शाळेत येईनात, तेव्हा त्यांनी शाळाच पाड्यावरील अंगणात नेली. मुले गुरांमागे रानात जात, तेव्हा कुरणातच शाळा भरविली. महागडी साधने नव्हती, म्हणून खडे, पाने, बिया व शिंपले हीच साधने झाली. आपल्या वाड्यांतून ह्यांपैकी कशाची उणीव आहे?

दुसरी गोष्ट भाषेची. संत ऑगस्टीन (३५४-४३०) ह्यांनी आपल्या आत्मनिवेदनात बालपणीच्या दोन भाषांची तुलना केली आहे. लॅटिन भाषा ते दायांच्या लाडात, हसणाऱ्या-खेळणाऱ्या माणसांमध्ये, कोणत्याही छळावाचून शिकले; ग्रीक मात्र धाकाने व शिक्षेच्या भयाने शिकविली गेली, आणि ती त्यांना नकोशी झाली. भीतीच्या सक्तीपेक्षा मुक्त जिज्ञासा अधिक शिकविते, असा निष्कर्ष त्यांनी त्यावरून काढला.

आज आमच्या वसई भागात कित्येक घरांतून सामवेदी व वाडवळी मागे पडत आहेत. आजीला ‘तू त्याच्याशी बोलू नकोस, त्याचे इंग्रजी बिघडेल’ असे सांगितले जाते. इंग्रजीशी आमचे वैर नाही. मुलांनी ती उत्तम शिकावी. परंतु दोन-तीन भाषा कानी पडल्याने मूल बिघडत नाही. घरात बोलणेच आटले तर बिघडते. ज्या आईस इंग्रजीची दहा-वीस वाक्येच अवगत आहेत, ती त्या भाषेत ‘बस, ऊठ, खा, झोप’ एवढेच सांगू शकेल. विहिरीचे पाणी का आटते, आजोबा कोठे गेले, चंद्र आपल्याबरोबर का चालतो, ह्या प्रश्नांची उत्तरे ती आपल्याच बोलीत देऊ शकेल. आणि मुलाची बुद्धी वाढते ती ह्याच संभाषणात. जे मूल एका भाषेत ‘का’ आणि ‘म्हणून’ नीट वापरण्यास शिकले, त्यास दुसऱ्या भाषेत तेवढे शब्दच नवे शिकावयाचे असतात.

अशास्तव, आईबापहो, आमची विनंती थोडकी आहे. मूल चुकले असता हात उगारण्यापूर्वी ‘तुला असे का वाटले?’ एवढे विचारावे आणि उत्तर शेवटपर्यंत ऐकावे. शेजारच्या मुलाशी त्याची तुलना करू नये. मूल वयाच्या मानाने फारच मागे वाटले, ऐकू येत नसल्याची वा बोलणे सुरू होत नसल्याची शंका आली, तर मात्र लोकलज्जेस्तव लपवून न ठेवता वैद्याकडे न्यावे. आणि रोज सायंकाळी, रोझरीच्या आधी अगर नंतर, मोबाईल बाजूस ठेवून अर्धा तास मुलाशी आपल्या घरच्या भाषेत बोलावे. आजी-आजोबांस त्यात अग्रस्थान द्यावे.

ह्या महोत्सवात आपण मंदिरास रंग दिला, घंटा दुरुस्त केली, दिव्यांची आरास केली. ते सर्व योग्यच झाले. पंचवीस वर्षांनी पुढील महोत्सव येईल तेव्हा येथे जे उभे राहतील ती मुले आज तुमच्या मांडीवर आहेत, आणि आज रात्री घरी जाताना वाटेत ती तुम्हांस काहीतरी विचारतील. त्यांस गप्प बसवू नये, एवढेच मागणे करून व देवाची कृपा तुम्हां सर्वांवर असो अशी प्रार्थना करून आम्ही आपली रजा घेतो.