शेजारचा माग



सोलापूरचे नाव निघाले की चादर आठवते. तिला भौगोलिक मानांकनही लाभले. ती विणणारे हात मात्र सहसा कोणाला आठवत नाहीत.

१८७७ मध्ये येथे पहिली कापडगिरणी सुरू झाली आणि शहर भोंग्यावर उठू-बसू लागले. तेलुगू, कन्नड, मराठी, उर्दू बोलणारी माणसे एकाच पाळीत उभी राहिली. मे १९३० मध्ये गांधीजींच्या अटकेची वार्ता येताच हाच कामगार रस्त्यावर उतरला. शहर पुन्हा ताब्यात घेण्यासाठी इंग्रज सरकारला अखेर मार्शल लॉ पुकारावा लागला. एका वार्तेसरशी हजारो माणसे बाहेर पडतात, ती आधीपासून एकमेकांची असतात म्हणूनच!

पुढे मोठ्या गिरण्या बंद पडल्या, भोंगे मुके झाले. पूर्वभागातील यंत्रमाग कारखान्यांत काम राहिले. तेथे धोट्यांच्या खडखडाटात शब्द ऐकू येत नाही, म्हणून बोलणे हाताच्या खुणांनी आणि ओठांच्या हालचालींनी चालते. दोन बोटे ओठांशी नेली की चहा; मान वळवून भुवई उंचावली की ‘जरा माझा माग बघ’. ही खूण वरवर साधी, पण तिचा हिशेब पाहावा. मजुरी नगावर मिळते. शेजाऱ्याचा तुटलेला ताणा जोडण्यात गेलेली दहा मिनिटे स्वतःच्या मजुरीतून वजा होतात. तरीही माणूस जातो. त्याबद्दल कोणी आभार मानीत नाही. मानलेच तर ऐकणाऱ्याला संकोच वाटेल. मैत्रीसाठी वर्षातला एक दिवस राखून ठेवणाऱ्या सुशिक्षित समाजाला हा व्यवहार कदाचित रुक्ष वाटेल.

दुपारी डबे एकत्र उघडतात. कडक भाकरी, शेंगाचटणी, कोणाच्या डब्यात आंबट वरण. घरोघरी स्त्रिया विड्या वळतात, त्यामुळे संसाराची ओढाताण एकमेकांपासून लपत नाही. मुलीचे लग्न निघाले की भिशीची पाळी बिनबोभाट बदलली जाते. कागद नाही, जामीन नाही.

आता अनेक कारखान्यांना कुलूप लागले आहे. तरुण पुण्याची वाट धरतात. किती माग थांबले याची मोजदाद होते. कोणाचा शेजारी गेला, हे कोणत्या नोंदवहीत लिहायचे?

काम सुटलेले काही जण भिशीच्या दिवशी जुन्या टपरीवर अजून येतात. हप्ता भरतात, दोन चहा तिघांत घेतात आणि कोणाला कोठे काम लागले, याची चौकशी करतात.